पुलांचा गेम

दिंकाने बाबांच्या खिशात मावणाऱ्या जुन्या व्हिडिओ गेमच्या पाठीतली कॅसेट ओढली, पण ती हलेना. कित्येक वर्षांत तिला कुणी जागचं काढलंच नव्हतं. नखाने कड उचलून दिंकाने जोर लावला, तशी कॅसेट एकदम सुटून हातात आली आणि गेम टेबलावरून निसटून फरशीवर आपटला.

"काय पडलं गं?" बाबांनी स्वयंपाकघरातून विचारलं.

"माझा फोन," ती म्हणाली. गेमला कुठे तडा दिसत नव्हता. तिने तो पुसून बाजूला ठेवला.

जुन्या कॅसेटमधला गेम फोनवर उतरवणारी एक छोटी डबी तिने डब्लिनहून येताना आणली होती. कॅसेट डबीत बसवायची, डबीची वायर फोनला जोडायची, एवढंच काम. उद्या सकाळच्या बोटीने ती बेटावरून परत निघणार होती. बाबांचं काहीतरी बरोबर न्यावं, असं तिच्या मनाने घेतलं होतं. बाबा, म्हणजे येर्को, जन्मभर मालवाहू जहाजांवर इंजिनाशी झटले. कुठल्याशा बंदरात त्यांनी हा गेम घेतला, तो कायमचा खिशात राहिला. एक इवलासा माणूस पूल ओलांडत पळतो. मध्ये खड्डे, वरून खडखडत येणारे दगड. दर वेळी तेच पूल आणि त्याच जागी तेच खड्डे. बाबांना त्याचा कंटाळा म्हणून कधी आला नाही.

सर्व संतांच्या दिवशी थडग्यांवर दिवे लावायला बेटावरची माणसं जिथे असतील तिथून घरी येतात. दिंका त्यासाठीच आली होती, पण तेवढ्यासाठीच नव्हे. शेजारच्या तोन्काकाकूने तिला फोन करून सांगितलं होतं की, तुझ्या बाबांना दिसेनासं झालंय. परवा माझ्या अंगणात येऊन दोरीवर वाळत घातलेल्या माझ्या कोटाची खुशाली विचारून गेले.

पलीकडच्या किनाऱ्यावर, झादर शहरातल्या वृद्धाश्रमात एक खोली रिकामी झाली होती. हवी की नको ते सोमवारी कळवायचं होतं. त्या जागेचं नाव काढलं की बाबा जेवण अर्धं टाकून उठत. तिथल्या खिडकीतून समुद्र दिसत नाही, बसथांबा दिसतो, असं ते म्हणत. शेवटी दिंकाने आल्या दिवशीच सांगून टाकलं, दिसत असेल तर खुशाल इथे राहा. दिसत नसेल तर मात्र मी तिकडे जीव टांगणीला लावून बसणार नाही.

कोटाची गोष्ट काढल्यावर बाबा म्हणाले होते, "तोन्कापेक्षा तिचा कोट बरा. मध्ये मध्ये बोलत नाही."

मग त्यांनी खिशातून गेम काढला आणि तिच्यासमोर बसून सगळे पूल पार केले. शेवटी जिंकल्याची धून वाजली. आंधळ्याला हे जमेल का, असं त्यांनी विचारलं. दिंकाचा जीव भांड्यात पडला.

आज सकाळी दोघं दफनभूमीत गेली. गुडघा धरलाय म्हणून बाबांनी तिचा दंड धरला होता. आईसाठी आणलेला मोठा दिवा त्यांनी शेजारच्या थडग्यावर ठेवला. ते तोन्काकाकूच्या सासूचं. बेटावर शेजारच्या थडग्यावरही दिवा लावायची रीत आहे. तरी सगळ्यात मोठा दिवा त्या कजाग बाईला कशाला, म्हणून दिंकाने चिडवलं. बाबा क्षणभर थांबले आणि म्हणाले की मेलेल्यांशी काय भांडायचं. दिंकाने आईला छोटे दिवे लावले. माणूस म्हातारपणी मऊ होतो, असं तिला वाटलं. खोली नको म्हणून कळवायचं, हे तिने तिथेच ठरवलं.

फोनवर गेम उतरला. दिंकाने खेळून पाहिला. काचेवर अंगठा घसरला आणि तो इवलासा माणूस पहिल्याच खड्ड्यात गेला.

"उशीर केलास," स्वयंपाकघरातून बाबा म्हणाले. "खडखड थांबली की लगेच उडी मारायची."

तिला हसू आलं. लहानपणीही ते असंच बोलायचे.

मग तिने कॅसेट परत गेममध्ये बसवली आणि बटण सरकवलं. धून वाजली, पण पडदा काळाच राहिला. तिने बंद करून पुन्हा लावला, सेल बदलले, तळहाताने पाठीवर थोपटलं. आवाज येत होता. चित्र मात्र येत नव्हतं. फरशीवर आपटल्याने पडदाच गेला होता. म्हाताऱ्याचा एवढा एकच विरंगुळा, तोही आपण मोडला. फोन पडला असं आपण खोटं बोललो, तेही आता सांगायला हवं, असं ठरवून ती स्वयंपाकघरात गेली.

बाबा मासे साफ करत होते. तिची चाहूल लागताच त्यांनी हात धुऊन पुसले आणि तळवा पुढे केला. झालं ना तुझं, मग आण इकडे, म्हणाले. तिने तोंड उघडायच्या आत गेम त्यांच्या हातात गेलाही होता.

ते स्टुलावर बसले. धून वाजली आणि अंगठे चालू लागले. मान वाकवून, डोळे किलकिले करून ते पडद्याकडे बघत होते. अवघड जागी कपाळाला आठी पडत होती, खड्डा चुकला की ओठ हलत होते. दिंका त्यांच्या मागे उभी होती. पडद्यावर काही नव्हतं. त्या काळ्या काचेत छतावरचा दिवा आणि बाबांचा चेहरा तेवढा दिसत होता. जिंकल्याची धून वाजेपर्यंत ती जागची हलली नाही.

बाबांनी मोठ्या ऐटीत गेम तिच्यासमोर धरला.

"बघ, शेवटचा पूल. आता कळव त्या झादरवाल्यांना, म्हाताऱ्याला सगळं लख्ख दिसतंय म्हणून."