साडेअठरा लाखांची बोली

वसुली अधिकारी लिलावाच्या अटी वाचत होते आणि सुवर्णा संजीवनीचे कान बघत होती. कान मोकळे होते. दागिने घरी ठेवून यायचं आणि चार बायकांची हळहळ मिळवायची, दुसरं काय! सोंगं करण्यात ही बाई पहिल्यापासून हुशार.

“आधी संस्थेचा धाड गावाकडं जाणाऱ्या रस्त्यावरचा प्लॉट निघेल, मग मिरची कांडप आणि शेड,” अधिकारी वाचत होते. “बँकेचं येणं, खर्चासकट, अठरा लाख बासष्ट हजार. तेवढं वसूल झालं की पुढचा लिलाव नाही. बोली ज्याच्या नावावर सुटेल त्यानं पंधरा टक्के जागेवर भरायचे, बाकी पंधरा दिवसांत. नाही भरले तर दिलेले गेले.”

ऐकलं कोणी? प्लॉट नऊ-दहा लाखांच्या वर जात नाही, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. म्हणजे कांडप निघणारच. ते घ्यायलाच सुवर्णा नवरा गजेंद्रला आणि चेकबुकाला घेऊन आली होती.

बारा वर्षांपूर्वी याच दोघी घरोघर हिंडल्या होत्या. पाचशे-पाचशेचा हिस्सा गोळा करून बत्तीस बायकांची सहकारी संस्था उभी केली. अर्ज सुवर्णानं लिहिले, तालुक्याला खेटे सुवर्णानं घातले, आणि अध्यक्ष कोण? तर बायकांनी एकमुखानं संजीवनीचं नाव घेतलं. सुवर्णा तीन महिन्यांत बाहेर पडली. नवऱ्याच्या पैशानं तिनं स्वतःचं कांडप टाकलं, किलोमागं दोन रुपये कमी लावले. तरी बायका मिरचीची पोती घेऊन तिच्या दारावरून पुढं जायच्या आणि संस्थेच्या ओट्यावर नंबर लावून बसायच्या. कांडली जायची ती तिकडं, पण झोंबायची मात्र सुवर्णाच्या नाकाला.

आता संजीवनी अध्यक्षही नव्हती, साधी सभासद होती. नव्या शेडचं कर्ज थकलं, जप्ती आली, सगळं झालं. तरी बायका अजून तिच्याच भोवती उभ्या होत्या. सुवर्णाला यंत्राची गरज नव्हती. संस्थेची पाटी उतरताना संजीवनीचं तोंड कसं होतं, एवढं तिला बघायचं होतं.

खामगावच्या एका व्यापाऱ्यानं प्लॉटला नऊ लाखांपासून सुरुवात केली. साडेनऊ कोणी म्हणालं. आणि मग बायकांच्या घोळक्यातून आवाज आला, “दहा लाख.”

संजीवनी! हिनं अनामत भरली? कधी? सगळा डाव तिच्या ध्यानात आला. कांडप सुवर्णानं घ्यावं आणि हिनं या प्लॉटवर, हमरस्त्याला, एसटी थांब्यासमोर, नवं टाकावं. मग बायका कुठं जाणार, हे सांगायला ज्योतिषी नको.

“साडेदहा,” सुवर्णा ओरडली.

“अवं, प्लॉट कायले?” गजेंद्र पुटपुटला. “आपल्याले कांडप पायजे ना?”

“तुम्ही गप राहा.”

बाराला व्यापारी गळाला. मग दोघीच उरल्या. संजीवनी मुठीतली एक चिठ्ठी उघडून बघायची, अर्धा लाख चढवायची. सुवर्णाला ते बघून आणखीच चेव यायचा. ऐपत लिहून आणलीय चिठ्ठीवर! संपेल कधीतरी. पंधरा झाले, सोळा झाले. गजेंद्रनं दोनदा बाही ओढली, दोनदा तिनं झटकली. अठरा ती स्वतः म्हणाली.

संजीवनीनं चिठ्ठी बघितली. तिचा आवाज पहिल्यांदाच कापला. “साडेअठरा.”

कापला! सुवर्णानं तो नीट ऐकला आणि तिला हर्ष झाला. “एकोणीस!”

संजीवनीनं चिठ्ठी मिटली. एक वार, दोन वार, तीन वार. अधिकाऱ्यांनी हातोडी आपटली. सुवर्णानं मान ताठ ठेवून सही केली आणि पंधरा टक्क्यांचा चेक फाडून दिला. मग खुर्ची पुढं ओढून बसली. आता कांडप.

अधिकारी मात्र कागद गोळा करायला लागले. “येण्यापेक्षा जास्त बोली आली. बाईंनी बाकीची रक्कम भरली की प्लॉटची विक्री कायम होईल आणि कांडपावरची जप्ती उठेल. वरचे अडतीस हजार संस्थेला परत मिळतील. लिलाव संपला.”

बायकांनी एकच गलका केला. सुवर्णाला आधी काही उमगेना. तिनं गजेंद्रकडं बघितलं. तो खाली मुंडी घालून बसला होता. बाकीची रक्कम भरायची नाही म्हटलं तर दोन लाख पंच्याऐंशी हजारांवर पाणी सोडावं लागलं असतं, आणि तेवढी छाती त्याची नव्हती.

संजीवनी टेबलाशी अनामत परत घेत होती. चिठ्ठी टेबलावरच पडली होती. तिच्यावर एकच आकडा होता, अठरा लाख बासष्ट हजार. सुवर्णा तिच्यासमोर जाऊन उभी राहिली. बारा वर्षांत पहिल्यांदाच ती संजीवनीशी बोलत होती.

“अन् मी मधातच थांबली असती तं?”

“तं माह्या कानातलं सोनाराकडंच राह्यलं असतं, अन् कांडपही गेलं असतं.” संजीवनीनं नोटा रुमालात बांधल्या आणि वर बघितलं. “बायकाइले कोनाचाच भरवसा वाटत नव्हता वो. मीच म्हटलं त्याइले, सुवर्णा आहे ना!”