नळीच्या मापाचा गणपती

"माणूस हवेवर जगत नाही, इच्छाशक्तीवर जगतो!" वसंतरावांनी जाहीर केलं. सहा शब्दांच्या या वाक्याला त्यांना तीन श्वास लागले, आणि तिसरा अर्ध्यातच राहिला.

ते खुर्चीत सावरून बसले आणि नाकातली नळी नीट केली. ती नळी त्यांच्या पायांशी वळसा घेऊन, सोफ्याच्या कडेने, बेडरूममधल्या ऑक्सिजनच्या मशीनपर्यंत गेली होती. लांबी बारा मीटर. म्हणून प्रताप नगरच्या या फ्लॅटमध्ये गणपती यंदा पूर्वेच्या कोपऱ्यात न बसता फ्रिजशेजारी बसला होता. नळी तिथपर्यंतच पोचत होती. देवाची काही तक्रार नव्हती. फ्रिज मात्र अधूनमधून गुरगुरत होता.

"पप्पा, प्लीज," अवनी म्हणाली. लेकीच्या हातात मोबाइल होता. आरत्या ती त्यात बघूनच म्हणायची. "डॉक्टरने साफ सांगितलंय. मतलब, तो शब्द तुम्ही लांबवायचा नाही."

तो शब्द म्हणजे शेवटच्या आरतीतला. एका दमात जितका ओढता येईल तितका तो ओढायचा. ज्याचा आवाज शेवटी उरेल तो जिंकला, असं कुणी ठरवलेलं नसतं, पण सगळ्यांना माहीत असतं. जयपुरातल्या मराठी घरांत गेली एकोणीस वर्षं वसंतराव जिंकत आले होते. एकोणीस वर्षं दुसरे येत होते ते खातीपुऱ्याचे उत्तमराव, निवृत्त सुभेदार. तेही झांजा घेऊन हजर होते. आज आपण जिंकणार हे त्यांना दिसत होतं, त्यामुळे त्यांचा चेहरा चोरी पकडली गेल्यासारखा झाला होता.

"डॉक्टर नेमकं काय म्हणतोय?" त्यांनी हळूच विचारलं.

उत्तर वसंतरावांच्या बायकोनं, विभाताईंनी दिलं. सहा महिने येणाऱ्याजाणाऱ्याला देऊन देऊन ते पाठ झालं होतं. "फुफ्फुसांतून ऑक्सिजन पुरेसा मिळत नाही. मग रक्त पुढे ढकलायला हृदयाला जास्त जोर लागतो. जोर लावून लावून उजवी बाजू मोठी झालीय. म्हणून पाय सुजतात, ओठ निळे पडतात. बसा ना, भाऊजी. नळी सांभाळून."

"थोडक्यात," वसंतराव म्हणाले, "हृदय... ओव्हरटाइम करतंय. विम्याच्या ऑफिसात... तीस वर्षांत... मी एकदाही केला नाही."

कुणी हसलं नाही. विभाताई तर अजिबात नाही. रात्री मशीनचा आवाज बदलला की त्यांना जाग यायची, आणि नाही बदलला तरी यायची. "नळी सांभाळून" याखेरीज त्यांचं दुसरं बोलणं उरलं नव्हतं. दूधवाल्याला तेच, कामवालीला तेच, मूर्ती घेऊन आलेल्या उत्तमरावांनाही तेच.

आरती सुरू झाली. ऑक्सिजनजवळ ज्योत नको, म्हणून विभाताईंच्या ताटात सेलवर चालणारा दिवा होता. त्या घरात तेवढ्या एकालाच हवेची गरज नव्हती. वसंतराव टाळ्या वाजवत होते. बोटाला लावलेल्या, ऑक्सिजन मोजणाऱ्या चिमट्यात एकोणनव्वदचा आकडा दिसत होता.

तो शब्द आला. सगळ्यांनी छाती भरून घेतली. वसंतरावांनीही घेतली, मावली तेवढी.

चार मोजेपर्यंत त्यांचा आवाज टिकला. मग तुटला.

उत्तमरावांनी ते पाहिलं. एकोणीस वर्षं ज्या क्षणाची वाट पाहिली तो आला, आणि त्यांनी तोंड मिटून खोकला आल्याचं नाटक केलं. ते अगदीच वाईट वठलं. अवनी तर आधीच थांबली होती. आता फक्त झांजा वाजायला हव्या होत्या.

पण आवाज चालूच होता.

विभाताई. डोळे मिटलेले, दोन्ही हातांत ताट. आवाजात गोडवा नव्हता, भक्ती होती की नाही तेही कळत नव्हतं. कुणीतरी डोक्यावरचं ओझं अगदी सावकाश खाली ठेवावं तसा तो आवाज होता. ठेवून संपत नव्हतं. भान येऊन उत्तमराव जोरजोरात झांजा वाजवू लागले.

वसंतरावांनी काहीतरी सांगायला हात उचलला. त्यांनी खाली जमिनीकडे बघितलं. मग बायकोच्या चेहऱ्याकडे बघितलं. मग हात परत मांडीवर ठेवला. चिमट्यातला आकडा सत्त्याऐंशी झाला. चौऱ्याऐंशी झाला. एक्याऐंशी.

शब्द संपला. झांजा थांबल्या. तेव्हा कुठे ऐकू आलं की आत मशीन टीं टीं करून ओरडतंय. कधीपासून, कोण जाणे.

"आई, जीतलीस तू!" अवनी ओरडली.

"वहिनी," उत्तमराव म्हणाले, "एवढा दम एकोणीस वर्षं कुठं लपवला होता?"

"लपवला कुठे?" विभाताईंनी डोळे उघडले. "ह्यांचा आवाज थांबला की आपण थांबायचं, एवढंच ठाऊक. आज थांबायचं राहून गेलं."

वसंतरावांनी उत्तर पूर्ण ऐकून घेतलं. त्यांचे ओठ जांभळे झाले होते. त्यांनी बायकोचा पदर धरून हलकेच ओढला.

"छान... म्हटलंस," ते म्हणाले. "आता... जरा पाय उचल. नळीवर... उभी आहेस."