आतली खुर्ची

“आज पुन्हा पान लवकर उलटलंस,” राजे लेकीकडे न बघताच म्हणाले.

“चुकलं, बाबा,” लेक म्हणाली.

तेवढ्यात संचालिकाबाईंनी काठी खाली ठेवली आणि सगळा वाद्यवृंद गप्प झाला. कार्यक्रम उद्या संध्याकाळी होता. सिम्फनीचे पहिले तीन भाग बिनबोभाट पार पडले होते. गाडी अडत होती ती चौथ्यात, शेवटच्या द्रुत भागात, आणि तीही रोज त्याच एका ओळीवर.

त्या ओळीला बाकी सगळे थांबतात आणि स्वरलिपी ठेवायच्या पहिल्या स्टँडवरची दोन व्हायोलिनंच धावत सुटतात. त्या स्टँडवर राजे आणि त्यांची लेक. दोघं आपली नावाला. वाजवायचे एकटे राजेच. कारण एका स्टँडवर दोघं बसले, की आतल्या खुर्चीवरच्यानं वाजवणं सोडून पान उलटायचं आणि बाहेरच्या, प्रेक्षकांकडच्या खुर्चीवरच्यानं न थांबता वाजवत राहायचं, असा रिवाज. आणि नेमकं त्याच ओळीवर पान संपत होतं.

राजे हे काही आईबापांनी ठेवलेलं नाव नव्हे. ताठ कणा, कडक इस्त्रीचा कोट आणि कुणाचं ऐकून न घेण्याची सवय, यामुळे ते पडलं आणि चिकटलं. उभी हयात त्यांनी त्या बाहेरच्या, मानाच्या पहिल्या खुर्चीत काढली होती. द्रुत भाग वाजवावा तर राजेंनीच, असं त्यांच्याशी वाकडं असलेलेसुद्धा म्हणत. राजेंना ते ठाऊक होतं, आणि ठाऊक नसल्याचं सोंग त्यांना कधी जमलं नाही.

लेक या हंगामात शेजारी येऊन बसली ती स्वतःच्या हिमतीवर. तिच्या निवडीच्या दिवशी राजे मुद्दाम घरी बसले होते. पण कौतुक करतील तर ते राजे कसले! घरी जेवतानासुद्धा पानाचाच विषय. हात आवर, घाई कसली एवढी, मी मान हलवल्याशिवाय कागदाला शिवू नकोस. ती निमूट ऐकून घ्यायची आणि दुसऱ्या दिवशी ओळ अर्धी असतानाच पान उलटायची. राजे अडखळायचे. बघणाऱ्याला स्वच्छ दिसायचं, की पोरीनं बापाच्या डोळ्यांसमोरून ओळच पळवली. घरच्या सरावातही ती ही ओळ गाळून पुढे जायची. राजेंच्या मते हा शुद्ध आळस होता.

आज मात्र संचालिकाबाईंचा धीर संपला. आवाज न चढवता त्यांनी सांगून टाकलं, की उद्या मुलगी शेवटच्या रांगेत बसेल आणि राजेंच्या शेजारी दुसरं कुणीतरी. पुढच्या हंगामात तिला ठेवायचं की नाही, तेही मग बघू.

राजेंची कानशिलं तापली. लेकीला ते स्वतः हवं तेवढं बोलत, पण दुसऱ्यानं बोललेलं त्यांना खपत नसे. त्यांनी हात पुढे करून स्टँडवरची स्वरलिपी फटकन मिटली.

“पानाचं निमित्तच नको,” ते म्हणाले. “मला हे झोपेतसुद्धा येतं. घ्या चौथा भाग.”

मागे कुणीतरी कौतुकानं हसलं. लेकीचा चेहरा मात्र पडला. तिनं बापाच्या बाहीला हात लावून हळूच म्हटलं, “बाबा, नको ना.” राजेंनी बाही सोडवून घेतली आणि व्हायोलिन हनुवटीखाली धरलं.

चौथा भाग सुटला. ती ओळ आली, बाकीचे थांबले. राजे धावत निघाले आणि निम्म्यावर, रोजच्याच जागी, त्यांची करंगळी उचललीच नाही. सूर मनात लख्ख होता, पण बोट ऐकेना. समोर पान नव्हतं, लेकीचा हातही आड आला नव्हता.

ओळ मात्र थांबली नाही. ती शेजारून तशीच पुढे धावली, हलकी, खेळकर, एकही सूर न सांडता. उलटायला पानच नव्हतं, त्यामुळे लेकीचे दोन्ही हात व्हायोलिनवर होते. या जागी तिला वाजवताना आजवर कुणी ऐकलंच नव्हतं. तिच्या बापानंही नाही. राजेंनी गज खाली घेतला. ओळ संपली, बाकीच्यांनी सुरू करायची जागा आली आणि गेली, पण कुणी वाजवायला लागलंच नाही.

करंगळी रुसल्याचं पोरीला आपल्याआधी कळलं होतं, हे राजेंच्या आत्ता ध्यानात आलं. बापाची चूक झाकायला ती रोज पान लवकर उलटत होती, घरी त्याच्यासमोर ती ओळ टाळत होती आणि सगळ्यांची बोलणी खात होती. त्यातली निम्मी तर आपलीच. त्यांना फार लाज वाटली. पण कानात ती ओळ अजून घुमत होती. ऐन उमेदीतही आपण ती इतकी सुरेख वाजवली नव्हती, हे त्यांनी मनाशी कबूल केलं आणि त्यांची छाती अभिमानानं भरून आली.

मग ते उठून उभे राहिले.

“पोरीचं काही चुकत नव्हतं,” ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. “चुकत होतो मी. ती मला सांभाळून घेत होती.” आणि लेकीला म्हणाले, “ऊठ. इकडे बस.”

लेक जागची हलेना. राजेंनी तिला दंडाला धरून उठवलं, बाहेरच्या खुर्चीत बसवलं आणि स्वतः आतल्या खुर्चीत टेकले. संचालिकाबाई अवघडून गेल्या. त्यांनी समजावून पाहिलं, की आतली खुर्ची म्हणजे एक पायरी खाली. उद्या सगळं सभागृह बघेल, आज रात्रभर विचार करा.

“बघू दे की,” राजे कोट नीट करत म्हणाले. “आजवर मी नुसता पहिला व्हायोलिनवाला होतो. उद्यापासून पहिल्या व्हायोलिनवालीचा बाप. याला बढती म्हणतात, बाई.”