लॉकर नंबर चौदा

सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी फोन आला, तेव्हा ती विमानतळावर गेटच्या रांगेत उभी होती. आदल्या दिवशी सोडलेल्या हॉस्टेलचा मॅनेजर बोलत होता.

"तुमचा भाऊ काल दुपारी समुद्रावर गेला, तो परतलाच नाही. कपडे किनाऱ्यावर सापडलेत."

"मला भाऊ नाही."

"रजिस्टरात तुमचा नंबर आहे. नातं, बहीण."

मग तिला आठवलं. पाच दिवसांपूर्वी हॉस्टेलच्या काउंटरवर ती आणि एक अनोळखी मुलगा मागेपुढे उभे होते. अडचणीच्या वेळी कुणाला कळवायचं, हा रकाना भरल्याशिवाय किल्ली मिळत नव्हती. घरी फोन गेलेला दोघांनाही नको होता. "तू माझा नंबर टाक, मी तुझा टाकतो, ताई," तो म्हणाला होता.

"ताई कुणाला म्हणतोस, चष्मिश? लहान असेन मी तुझ्याहून."

त्यानंतर तीन संध्याकाळी दोघं गच्चीत एकाच पुडीतले शेंगदाणे खात बसली होती. पुढच्या गावांबद्दल बोलली होती. मागच्या घरांबद्दल नाही.

"बोट शोधतेय," मॅनेजर म्हणाला. "पण घरी कळवायला हवं. त्याचा फोन चौदा नंबरच्या लॉकरमध्ये आहे. नातेवाइकानं सांगितल्याशिवाय मला तो उघडता येत नाही. पोलिसांचा कागद यायला चार दिवस लागतील."

रांग पुढे सरकली. ती बाजूला झाली.

"उघडा. मी बहीणच आहे. मघाशी घाबरले होते."

"बरं. फॉर्म भरतो. आईचं नाव?"

तिनं फोन दुसऱ्या कानाला लावला.

"गाव?"

"चष्मा लावतो तो," ती म्हणाली. "जाड काचांचा."

"तो कपड्यांवर घडी करून ठेवलेला होता." मॅनेजरचा आवाज खाली आला. "ताई, एवढ्यावर नाही हो उघडता येत."

"मग त्याच्या घरून फोन आला तर?"

"सकाळपासून चारदा आला. ऐका, आता परत वाजतोय."

त्यानं रिसीव्हर लॉकरपाशी धरला असावा. पत्र्याच्या आतून येणारी रिंग तिनं शेवटपर्यंत ऐकली.

दहा चाळीसला गेट बंद झालं. तोवर लॉकरमधला फोन सहाव्यांदा वाजायला लागला होता.