आधी मुरू दे

"दोन्ही एकदम नको," आई म्हणाली. "भिंतीला रंग देतेयस का?"

सर्व्हेअरचा हात थांबला. तिच्या तळहातावर मॉइश्चरायझर आणि सनस्क्रीनचा मिळून एकच पांढरा गोळा झाला होता. ऑफिसची जीप येण्याच्या बेतात होती. आजारपणानंतर ती आज पहिल्यांदाच मोजणीच्या कामावर निघाली होती आणि सकाळपासून तिची नुसती धांदल उडाली होती.

"शेवटी चेहऱ्यावर जाऊन एकच होणार ना?"

"नाही होत. मी वर्षानुवर्षं शिवणकाम केलंय. अस्तर नीट बसवून न घेता वरचं कापड शिवलं, की झोळ येतो. आधी मॉइश्चरायझर. ते मुरू दे. मग सनस्क्रीन."

सर्व्हेअरने हात पुसला.

आई सकाळच्या पहिल्या बसने आली होती. काल फोनवर तिने "येऊ का?" एवढंच विचारलं होतं. आल्यापासून ती पर्स मांडीवर घेऊन खुर्चीच्या कडेवर टेकली होती, घटकाभरात उठून जायचं असल्यासारखी. क्रीमच्या बाटल्या दिसल्या, तेव्हा कुठे तिला कंठ फुटला.

सर्व्हेअरचा नवरा चहा घेऊन आला. "साखर चालते ना तुम्हाला?"

"चालते."

"मग आता तुम्हीच सांगा हिला. ऑफिसात नकाशे काढायचं काम देत होते, पंख्याखाली बसून. पण हिला उन्हातच जायचंय. डॉक्टरांनी बजावलंय, या गोळ्या चालू आहेत तोवर कातडीला ऊन सोसायचं नाही. आणि गोळ्या तर जन्मभराच्या."

"जाऊ नको असं नाही म्हणाले ते," सर्व्हेअर म्हणाली. "जपून जा म्हणाले."

"तू आणि जपणार!"

दोघंही आईकडे बघू लागले. नवऱ्याशी सर्व्हेअर दिवसभर भांडू शकली असती. पण आई नको म्हणाली असती, तर तिला बूट काढून ठेवावेच लागले असते.

आईने कप खाली ठेवला.

"घरात बसायचा स्वभावच नव्हता माझ्या मुलीचा. दिवसभर उन्हात भटकायची आणि संध्याकाळी नाक सोलवटून घरी यायची. मी ओरडायची, ती हसायची." तिने सर्व्हेअरच्या बुटांकडे पाहिलं. "जाऊ दे तिला."

नवरा पाण्याची बाटली भरायला आत गेला.

"मी लावू?" आईने विचारलं.

सर्व्हेअरने मान डोलावली.

आईने साबणाने हात धुतले, कोरडे केले, एकमेकांवर घासून ऊबदार केले. मग स्टूल ओढून ती समोर बसली. बोटं कपाळापाशी नेली आणि तिथेच थांबवली.

"गार लागेल हं."

"लागू दे. डाव्या बाजूला तर मला अजून नीट कळतही नाही."

"कळेल हळूहळू."

मग बोटं चालू लागली. कपाळ, गाल, हनुवटी. नाकपुड्यांच्या कडेला आईने न विचारता दुसरा हात दिला.

"इथे लवकर कोरडं पडतं. थंडीत तर पापुद्रे निघतात."

"मला वाटलं, औषधांमुळे असेल."

"छे गं. पहिल्यापासूनच आहे ते. आणि कानापुढचा हा तीळ. त्याच्यावर नीट लावत जा, उन्हाने काळाकुट्ट होतो."

"बरं."

मॉइश्चरायझर मुरेपर्यंत आई तिच्या चेहऱ्याकडे बघत राहिली. कुणी असं टक लावून बघितलं, की सर्व्हेअर एरवी तोंड फिरवायची. आज तिने फिरवलं नाही. श्वाससुद्धा ती बेताने घेत होती.

आईने बोटांची मागची बाजू तिच्या गालाला लावून पाहिली. "मुरलं."

मग सनस्क्रीन. आईने दोन बोटांवर लांब रेघा ओढल्या.

"एवढं?"

"एवढं. इथे कंजूसपणा कामाचा नाही. आणि दुपारी पुन्हा लावायचं."

"साइटवर? माणसं हसतील मला."

"हसू देत. त्यांची नाकं सोलवटतील, तुझं नाही."

सर्व्हेअरला हसू आलं. ते नीट जुळून येत नव्हतं, उजव्या बाजूलाच जास्त उमटलं. आईचे हात जिथल्या तिथे थांबले. तिच्या डोळ्यांना धार लागली. हात क्रीमने बरबटलेले, म्हणून तिने खांद्यानेच डोळे टिपायचा प्रयत्न केला.

नवरा बाटली घेऊन दारात उभा होता. "डोळ्यांत गेलं का?"

"हो," आई म्हणाली. "झोंबतंय."

तिने कानामागे, मानेवर, गळ्याच्या खळगीत शेवटचा हात फिरवला. खाली जीपचा हॉर्न वाजला. सर्व्हेअरने टोपी घातली, मोजपट्टीची पिशवी खांद्याला अडकवली आणि दारापर्यंत गेली.

"जपून," आई म्हणाली.

सर्व्हेअर वळली. गालाकडे गेलेला हात तिने क्रीम पुसलं जाईल म्हणून अर्ध्यातच मागे घेतला.

"एक विचारायचं होतं. काल फोनवर धीर झाला नाही. हॉस्पिटलवाल्यांनी तुम्हाला माझा नंबर तेवढा दिला, पण नाव ते सांगत नाहीत, त्यांचा नियम आहे."

"विचार ना."

"जिचा चेहरा मला बसवलाय, तिचं… तुमच्या मुलीचं नाव काय होतं?"