चॉकलेटचा फेस

"मावशी, रवी धरून तर बघा. भिऊ नका," ती मुलगी म्हणाली, आणि एपिफानियाबाईंनी ओठ आवळून हसू दाबलं. वाहाकाच्या अख्ख्या खोऱ्यात प्यायच्या चॉकलेटवरच्या फेसासाठी त्यांचं नाव होतं. कुणाकडे लग्न निघालं की पहिलं बोलावणं त्यांना. दोन तळव्यांमध्ये लाकडी रवी अशी फिरायची की फेस मातीच्या उभट भांड्याच्या काठावर येऊन थरथरत उभा राहायचा, पण सांडायचा नाही.

"नको," त्या म्हणाल्या. "आधी तू कर. आम्ही पाहुणे माणसं. बघायला आलोय."

ते खोटं नव्हतं. फक्त त्या चॉकलेटचं संग्रहालय बघायला आल्या नव्हत्या, तिथे चॉकलेट करून दाखवणाऱ्या या युरिडियाला बघायला आल्या होत्या. त्यांचा मुलगा एलिसेओ इथे राजधानीत लिफ्ट दुरुस्तीचं काम करायचा आणि याच मुलीशी लग्न करणार होता. रीतसर भेट उद्या दुपारी, चुलतभावाच्या घरी ठरली होती. एपिफानियाबाई एक दिवस आधीच्या बसनं निघाल्या. सोबत जाऊ क्रिस्पिना. कुणाला कळवलं नाही. संग्रहालयाचं तिकीट काढलं आणि बाकीच्या बघ्यांत मिसळून गेल्या. सांगून गेलं की सगळ्याच मुली गुणी दिसतात, असं त्यांचं मत होतं. युरिडियानं त्यांना कधी पाहिलेलं नव्हतं.

याआधी एक मुलगी त्यांनी फेसावरूनच नापसंत केली होती. एलिसेओला ती आवडली होती. तो भांडला नाही. शहरात निघून आला, आणि तेव्हापासून फोनवर पीकपाणी आणि तब्येत यापलीकडे आईशी काही बोलला नाही. एपिफानियाबाईंना त्याचं दुःख होतं, पण आपलं चुकलं असं त्यांना एकदाही वाटलं नव्हतं. जिच्या हाताला फेस नाही तिच्या हाताला घर नाही, हे त्यांच्या आईनं त्यांना शिकवलं होतं आणि आईनं शिकवलेलं त्यांनी कधी तपासून पाहिलं नव्हतं.

आतापर्यंत मुलगी बरी वाटली होती. बिया तव्यावर खमंग भाजल्या, पाट्यावर जोर लावून वाटल्या, लोकांना हसवलं. आता तिनं रवी तळव्यांत धरली आणि घुसळायला लागली. रवी भांड्यावर खडखड आपटत राहिली. चार बुडबुडे वर आले, एकमेकांकडे सरकले आणि विरून गेले. लोक हसले. तीही हसली.

क्रिस्पिनानं जावेच्या दंडाला हळूच चिमटा काढला. "सोनोराची ना ही, पार उत्तरेकडची. तिकडे सगळे कॉफी पिणारे. चल, झालं आपलं काम."

काम झालंच होतं. उद्या काय सांगायचं तेही ठरलं होतं. पण पाठीमागे बोलणं एपिफानियाबाईंच्या स्वभावात नव्हतं.

"पोरी, आमच्या गावात असल्या मुलीला कुणी सून करून घेत नाही," त्या सगळ्यांसमोर म्हणाल्या.

युरिडियानं एप्रनला हात पुसले. ती वरमली नाही. "उद्याच सासूबाई बघायला येतायत मला," ती म्हणाली.

"मग त्यांना काय सांगशील?"

"खरं तेच सांगेन. आमच्यात फेस तो काढतो. लहान होता तेव्हा त्याच्या आईचा हात मोडला होता, आणि बाजारातली चॉकलेटची टपरी तर बंद ठेवून चालणार नव्हतं. मग आई शेजारी बसून सांगायची आणि हा घुसळायचा."

क्रिस्पिना तोंड उघडं टाकून जावेकडे बघत राहिली. हे गावात कुणालाच माहीत नव्हतं. मुलगा चॉकलेट घुसळतो म्हटल्यावर लोकांनी त्याला जगू दिलं नसतं, म्हणून दार लावून सगळं चालायचं. हात बरा होईपर्यंत गावानं एपिफानियाबाईंच्या फेसाचं जे कौतुक केलं, ते त्यांनी मुकाट्यानं स्वतःच्या नावावर घेतलं होतं.

"मग त्यानं तुला नाही का शिकवलं?" त्यांचा आवाज आता खाली आला होता.

"तो शिकवतो. मीच शिकत नाही." युरिडियानं भांड्यात एकदा डोकावून पाहिलं. "तो अबोल आहे, मावशी. पण रवी हातात घेतली की आईविषयी बोलायला लागतो. ती कशी बसायची, काय गुणगुणायची, चुकलं की कपाळावर टिचकी कशी मारायची. एरवी तिचं नावसुद्धा काढत नाही. मला फेस यायला लागला, तर हे सगळं बंद पडेल."

मागे उभ्या असलेल्या एका म्हाताऱ्यानं उगाचच घसा खाकरला.

मग तिनंच रवी पुढे केली. "पण तुम्ही वाहाकाकडच्या दिसताय. तुमच्या बोलण्यावरून कळतं. या, दाखवा सगळ्यांना, खरा फेस कसा असतो ते."

"जा की," क्रिस्पिना कोपरानं ढोसत म्हणाली. "दाखव तिला."

एपिफानियाबाई पुढे झाल्या. त्यांनी रवी हातात घेतली. तिचा दांडा मुलीच्या हातांनी अजून उबदार होता. बोटं आपसूक जागच्या जागी बसली; एवढ्याशा भांड्यात फेस उभा करायला त्यांना काहीच वेळ लागला नसता. सगळे माना उंचावून वाट बघत होते. त्यांनी रवी अलगद भांड्यात सोडून दिली.

"मला कुठला येतोय," त्या सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या. "आमच्या घरीही फेस एलिसेओच काढायचा."