कोरी भिंत

उलटं ऊन आलं तेव्हा सून एका जाड वहीच्या पाठीला खळ लावत होती. सूर्य पश्चिमेच्या खिडकीत कलला होता आणि पूर्वेच्या खिडकीतून हा दुसरा उजेड आत शिरत होता. पांढुरका, ना ऊब ना झळ. गल्लीतली बोलणी एकेक करत बंद पडली. पायरीवरचं कुत्रं उठलं आणि मुकाट्यानं पायरीखाली जाऊन बसलं.

सुनेनं हात पुसले. गावात घरटी एक भिंत कोरी ठेवायची रीत होती, साधा खिळासुद्धा ठोकायचा नाही. ती या उजेडासाठी. वर्षातून एकदा-दोनदा, न सांगता तो यायचा आणि त्या घरची गेलेली माणसं सावल्या होऊन भिंतीवर उभी राहायची. मग कुठे का मेलेली असेनात. शेजारच्या गवंड्याचा भाऊ चार डोंगर ओलांडून मेला, तर निरोपाच्या आधी त्याची सावली घरी आली. सावल्या कुणाला त्रास देत नसत. फक्त तेवढ्या वेळात कुणाला घास गिळवत नसे.

या घरातली भिंत मात्र तीन वर्षं झाकलेली होती. सुनेचा नवरा वह्यांसाठी कातडी आणायला खिंडीपलीकडे गेला तो आलाच नाही. त्याच महिन्यात सासूबाईंनी पुठ्ठ्यांची उंच मांडणी ओढून त्या भिंतीला लावली. “तिकडे कागदाला ओल लागते,” म्हणाल्या. ओल कुठली नि काय, सगळ्या गल्लीला कळलं होतं. पोरगा त्या भिंतीवर दिसायला नको होता.

सुनेनं मांडणीला खांदा लावला.

“हात लावू नकोस तिला,” सासूबाई बाकावरून म्हणाल्या. वही शिवता शिवता त्यांचं दाभण कागदातच अडकून राहिलं होतं.

“आई, मला कळायला हवं. रडायचं की वाट बघायची, एकदाचं काय ते ठरू दे.”

“वाट बघून तुझं काय झिजतं गं?”

“तीन वर्षं रोज ताट वाढून ठेवते मी. चार बायकांत गेले की त्या बोलायच्या थांबतात. मी ना धड अशी, ना धड तशी. मला आता सोसत नाही, आई.”

सासूबाई उठल्या. आता या आडव्या येणार, असं सुनेला वाटलं. पण त्यांनी मांडणीचं दुसरं टोक धरलं. “एकटीनं ओढशील तर कंबर धरेल,” एवढंच म्हणाल्या. मांडणी फरशीवर करकरत सरकली, वरचे दोन-चार पुठ्ठे खाली आले, ते कुणीच उचलले नाहीत.

भिंतीला जाळ्या धरल्या होत्या. उजेड सरकत सरकत तिच्यावर आला आणि पहिली सावली उमटली. आजेसासू, कमरेत वाकलेली. मग एक रांगतं मूल, सासूबाईंचं पहिलं, ज्याचं नावही घरात कुणी काढत नसे. मग सासरे. त्यांना सुनेनं उतरत्या डाव्या खांद्यावरून लगेच ओळखलं. वही बांधायला त्यांनीच तिला शिकवलं होतं, पोटच्या पोरापेक्षा तिच्यावर जास्त भरवसा टाकला होता. त्यांच्या सावलीचे हात घड्यांमागून घड्या घालत होते आणि कागद कुठेच नव्हता. आवाजही नव्हता.

उजेड भिंतभर पसरला. सुनेनं चारही कोपरे बघितले, पुन्हा बघितले. ती तिघंच होती.

सासूबाई भिंतीजवळ गेल्या. “नाही गं तो यांच्यात.” त्या हसत होत्या आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. “जिवंत आहे माझं पोर. मीच मेली उगाच घाबरून बसले. चांगला धडधाकट असेल कुठेतरी, बघ तू.”

सुनेलाही आधी हायसं वाटलं. अगदी खरं वाटलं. दरीत पडला नाही, तापानं गेला नाही, आहे. कुठेतरी जेवतोय, झोपतोय, सकाळी उठतोय.

आणि मग तिला मिठाचे गाडे आठवले. खिंड वर्षातले आठ महिने उघडी असायची, गाडे महिन्याला यायचे. गाडीवान पलीकडचे सगळे निरोप आणायचे, कुणाची म्हैस व्याली तरी सांगायचे. ती दर खेपेला जाऊन नवऱ्याचं विचारायची. गाडीवान चाकाला वंगण लावत, मान वर न करता म्हणायचे, “नाही दिसला, वहिनी.” वाईट बातमी सांगायला यांची जीभ रेटत नाही, असं तिला तीन वर्षं वाटत आलं होतं. घरी येऊन ती त्यांना मनातल्या मनात दुवा द्यायची.

“आई,” ती म्हणाली, “मग ते घरी येत का नाहीत?”

सासूबाईंचं हसू तोंडावरच राहिलं. त्या खाली पडलेले पुठ्ठे गोळा करायला लागल्या.

उजेड ओसरायला लागला. आजेसासू गेली, मूल गेलं. मेलेली माणसं भिंतीवर आपापल्या कामात असतात, जिवंतांकडे वळून बघितल्याचं गावात कुणी कधी ऐकलं नव्हतं. पण सासऱ्यांचे हात थांबले. ती सावली सुनेकडे वळली आणि उजेड पुरता जाईपर्यंत तिच्यासमोर मान खाली घालून उभी राहिली.